गोदावरीच्या हिशेबात गोदावरीचा रकाना : जलसंपदा विभागास खुले पत्र

प्रति,
माननीय मंत्री व सचिव, जलसंपदा विभाग, महाराष्ट्र शासन,
तसेच माननीय अध्यक्ष व सदस्य, महाराष्ट्र जलसंपत्ती नियमन प्राधिकरण

विषय : गोदावरीच्या पात्रात ऑक्टोबर ते मे या काळात किमान प्रवाह राखण्याबाबत.

महोदय,

माझी नोकरीची बहुतेक वर्षे पाण्याच्या नोंदी ठेवण्यात गेली. कोणत्या धरणातून किती क्युसेकने (सेकंदाला किती घनफूट) विसर्ग सोडला, तो किती दिवस चालला, पुढच्या मोजणीच्या ठिकाणी किती पाणी पोचले, हे लिहून शेवटी दोन आकड्यांची वजाबाकी करायची आणि उरलेला आकडा ‘वहनव्यय’ या रकान्यात टाकायचा, असे ते काम होते. वरून सोडलेले जे पाणी खाली पोचले नाही, ते वाटेत वाया गेले, एवढाच त्या शब्दाचा अर्थ आम्ही घेत असू. सेवानिवृत्तीनंतर गोदावरीच्या काठच्या गावात राहायला आलो, हिवाळ्यातले कोरडे पात्र रोज पाहू लागलो, तेव्हा माझ्या ध्यानात आले की ज्याला मी इतकी वर्षे व्यय म्हणत होतो, त्या पाण्याने वाळू भिजत होती, काठच्या विहिरींना पाझर सुटत होता आणि डोहांतले मासे उन्हाळा काढत होते. नदीला मिळणारे पाणी आमच्या वह्यांत फक्त त्या एका रकान्यात दिसत होते, आणि तो रकाना तुटीचा होता.

हे पत्र त्या रकान्यासाठी आहे. नाशिक-अहिल्यानगर आणि मराठवाडा यांच्यातील पाण्याच्या वादात मी कोणाचीही बाजू मांडत नाही. त्या वादाला दोन पक्ष आहेत, दोघांनाही वकील आहेत आणि दोघांचीही गरज खरी आहे. ज्या नदीच्या पाण्यावरून वाद आहे, तिचे म्हणणे मात्र त्या कागदपत्रांत कुठेही नोंदलेले नाही, म्हणून लिहीत आहे.

गोदावरी ब्रह्मगिरीवर उगम पावते. तिथून अरबी समुद्र सरळ रेषेत ८० किलोमीटरच्या आसपास आहे, तरी ती त्याच्याकडे पाठ फिरवून पूर्वेला निघते आणि १४६५ किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळते. तिचे खोरे सुमारे ३ लाख १२ हजार चौरस किलोमीटरचे आहे आणि त्याचा निम्म्याच्या जवळपास भाग एकट्या महाराष्ट्रात येतो. त्र्यंबक-इगतपुरीच्या डोंगरात पाऊस धो धो कोसळतो, आणि तेथून शंभरेक किलोमीटर पूर्वेला कोपरगाव-श्रीरामपूरच्या पट्ट्यात तो जेमतेम पाचशे मिलिमीटरवर येतो. सह्याद्रीवर पडलेले पाणी पर्जन्यछायेतल्या कोरड्या पठारावर वाहून नेणे, हे काम ही नदी माणूस इथे येण्याच्या कितीतरी आधीपासून करत आली आहे.

माणसानेही ते फार लवकर ओळखले. नेवाशाजवळ प्रवरेच्या वाळू-गोट्यांच्या थरांत अश्मयुगातील हत्यारे सापडली आहेत. प्रवरेच्याच काठी जोर्वे आणि दायमाबाद येथे इसवी सनपूर्व दुसऱ्या सहस्रकातील शेतकऱ्यांच्या वसाहती होत्या. दायमाबादला १९७४ मध्ये रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा अशी चार भरीव धातूची शिल्पे मिळाली, ज्यांचे एकत्रित वजन ६० किलोंहून अधिक आहे. या काठावर गेंडा माहीत असलेली माणसे राहत होती, ही गोष्ट मला त्या धातूपेक्षाही मोलाची वाटते. पुढे इसवी सनपूर्व १००० च्या सुमारास या खोऱ्यातील बहुतेक वसाहती ओस पडल्या, आणि हवामान कोरडे होत जाणे हे त्याचे एक कारण असावे, असे अनेक पुरातत्त्वज्ञ मानतात. त्यानंतर काही शतकांनी याच नदीकाठी, पैठणला, सातवाहनांची राजधानी उभी राहिली. त्यांच्या काळच्या प्राकृत गाथांत गोदावरीला ‘गोला’ म्हटले आहे, आणि त्या गाथांतली माणसे तिच्या काठावरच्या झाडीत भेटतात, तिच्या पुरात अडकतात, तिचे पाणी भरतात.

आम्ही काठचे लोक तिला गोदावरी क्वचितच म्हणतो. आमच्यासाठी ती गंगा, आणि तिच्या दोन्ही बाजूंचा मुलूख म्हणजे गंगथडी. या गंगथडीच्या भाषेत ‘वाळवंट’ म्हणजे नदीतली वाळू, थरचे वाळवंट नव्हे. एकनाथ महाराजांनी भर दुपारी तापलेल्या वाळूत चटके बसून रडणारे मूल कडेवर उचलून घेतले, ती कथा पैठणच्या याच वाळवंटातली आहे. माझ्या लहानपणी हिवाळा सरला की पात्राच्या कडेने टरबूज-खरबुजांच्या वाड्या लागत आणि चैत्रात बायका वाळूत हातभर झिरा उकरून त्यातून वाटीवाटीने स्वच्छ पाणी भरत. वाळू गाळणीचेही काम करत होती आणि साठवणुकीचेही. आज ती वाळू बऱ्याच ठिकाणी उपसून गेली आहे, खाली मुरूम किंवा उघडा खडक राहिला आहे, आणि झिरा हा शब्द माझ्या नातवंडांना समजावून सांगावा लागतो.

धरणांविषयी कृतज्ञता न बाळगता हे लिहिणे अप्रामाणिकपणाचे होईल. दारणा, नांदूर मध्यमेश्वर, १९२६ मध्ये पूर्ण झालेले भंडारदरा, पुढे गंगापूर आणि मुळा, या कामांनी ज्या दुष्काळी भागात ज्वारीच्या एका पिकाचीही शाश्वती नव्हती, तिथे ऊस, गहू, फळबागा आणि सहकार उभा केला. पैठणच्या जायकवाडी धरणाचा पाया १९६५ मध्ये लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते घातला गेला आणि १९७६ मध्ये इंदिरा गांधींच्या हस्ते त्याचे लोकार्पण झाले. २९०९ दशलक्ष घनमीटर, म्हणजे १०२ टीएमसीहून (अब्ज घनफुटांहून) अधिक क्षमतेच्या या नाथसागरावर आज छत्रपती संभाजीनगर आणि जालना ही शहरे, त्यांच्या औद्योगिक वसाहती आणि परभणीपर्यंतची शेती अवलंबून आहे. त्यासाठी शंभरावर गावांनी आपल्या जमिनी आणि घरे पाण्याखाली दिली. हे सारे मी डोळ्यांनी पाहिले आहे आणि त्याच्या हिशेबात माझाही हात आहे.

तरीही या व्यवस्थेने नदीचे काय केले, ते स्पष्टपणे मांडले पाहिजे. पावसाळा संपला की वरची धरणे दरवाजे बंद करतात. सोडलेले पाणी बहुतेक कालव्यांतून जाते, पात्रातून फार थोडे जाते. पात्रात कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्यांना फळ्या बसवल्या जातात आणि नदीची डबक्यांची साखळी होते. नाशिकखालच्या पात्रात हिवाळ्यापासून पुढे जे वाहते, त्यात सांडपाण्याचा वाटा मोठा असतो. शहराच्या मैल्यातले नत्र आणि स्फुरद साचलेल्या पाण्यात मिळाले की जलपर्णी माजते, तिच्या जाळीखाली उजेड पोचत नाही, ती कुजताना पाण्यातला प्राणवायू संपतो आणि एका सकाळी बंधाऱ्यावर मेलेल्या माशांचा खच दिसतो. दर वर्षी यंत्रे लावून जलपर्णी काढली जाते आणि दर वर्षी ती परत येते, कारण साचलेले पाणी तसेच राहते. वाहत्या पाण्यात ती इतक्या सहजपणे ठाण मांडू शकत नाही. मैला थांबवणे हे नगरपालिका-महापालिकांचे काम आहे व ते झालेच पाहिजे. मात्र प्रक्रिया केलेले पाणीही नदीत मिसळताना नदीत स्वतःचे काही पाणी असावे लागते, आणि ते तेथे ठेवणे आपल्या हातात आहे.

या नदीत हिवाळ्यात खरा प्रवाह केव्हा दिसतो? जेव्हा एक धरण दुसऱ्या धरणाचे देणे लागते तेव्हा. जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाच्या २००५ च्या कायद्यातील समन्यायी वाटपाच्या कलमावरून आणि वरच्या गोदावरीतील धरणांचे पाणी कसे वाटावे ते सुचवणाऱ्या मेंढेगिरी समितीच्या अहवालावरून २०१४ मध्ये जो आदेश निघाला, त्याप्रमाणे १५ ऑक्टोबरला जायकवाडीत खरिपाच्या वापरासह उपयुक्त साठा ६५ टक्क्यांपेक्षा कमी भरत असेल, तर वरच्या धरणांतून पाणी सोडायचे असते. तो टक्का किती असावा यावर वाद आहेत आणि राहतील. २०२३ मध्ये या नियमाने ८.६ टीएमसी पाणी सोडण्याचा निर्णय झाला. अशा वेळी बंधाऱ्यांच्या फळ्या काढल्या जातात, काठावरच्या शेतीपंपांची वीज तोडली जाते, बंदोबस्त लागतो आणि नदी काही दिवस दुथडी नसली तरी वाहती होते. ज्या वर्षी पाऊस चांगला होतो आणि जायकवाडी भरते, त्या वर्षी देणे नसते, म्हणून त्या हिवाळ्यात नदीला काहीच मिळत नाही. म्हणजे चांगल्या पावसाच्या वर्षी नदी अधिक कोरडी राहू शकते. इतकी वर्षे नोंदी ठेवूनही ही गोष्ट मला निवृत्तीनंतर उमगली, याची खंत वाटते.

गोदावरी जलविवाद लवादाच्या १९८० च्या निवाड्याने पैठणच्या धरणापर्यंतचे सर्व पाणी वापरण्याची मुभा महाराष्ट्राला दिली. आपल्या राज्याच्या दृष्टीने तो मोठाच लाभ होता. पण ‘सर्व पाणी’ या शब्दांत नदीसाठी काही ठेवायचे की नाही, हा प्रश्न लवादापुढे नव्हता, आणि आपण तो आजवर स्वतःलाही विचारलेला नाही. याच नदीवर नांदेड जिल्ह्यातल्या बाभळी बंधाऱ्याचे उदाहरण पाहावे. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निकालानुसार त्याचे दरवाजे १ जुलै ते २८ ऑक्टोबर उघडे ठेवावे लागतात आणि १ मार्चला ०.६ टीएमसी पाणी खालच्या राज्यासाठी सोडावे लागते. तारीख ठरवून, मोजून, नदीत पाणी सोडणे आपल्याला जमते, हे यातून सिद्धच आहे. पर्वणीच्या दिवशी रामकुंडात भाविकांना स्नान करता यावे म्हणून गंगापूरमधूनही पाणी सोडले जाते. शेजारी राज्यासाठी आणि पर्वणीसाठी जे आपण करतो, ते नदीसाठी करायला कोणता नियम आड येतो, याचा शोध मी घेतला, पण मला तो सापडला नाही. उलट २०१२ च्या राष्ट्रीय जलनीतीत नदीच्या प्रवाहाचा काही भाग पर्यावरणीय गरजांसाठी राखून ठेवावा, असे म्हटले आहे. २०१८ मध्ये केंद्र सरकारने उत्तरेतील गंगेच्या वरच्या भागासाठी तर आकडेच ठरवून दिले : नोव्हेंबर ते मार्च सरासरी प्रवाहाच्या २० टक्के, ऑक्टोबर, एप्रिल आणि मे महिन्यांत २५ टक्के, पावसाळ्यात ३० टक्के. दक्षिणगंगा म्हणवल्या जाणाऱ्या नदीसाठी अजून असा एकही आकडा नाही.

आता मी माझा आकडा मांडतो. तो वैज्ञानिक अभ्यासातून आलेला नाही, अंदाजाने घेतलेला आहे, आणि खरा आकडा अभ्यास करूनच ठरावा. १०० क्युसेकचा प्रवाह १५ ऑक्टोबरपासून ३१ मेपर्यंत, म्हणजे २२९ दिवस अखंड सोडला, तर एकूण पाणी होते १.९८ टीएमसी. जायकवाडीच्या क्षमतेशी तुलना केली तर हे दोन टक्क्यांच्या आतबाहेर आहे, आणि ते सारे नाहीसेही होत नाही. त्यातला काही भाग काठच्या गाळाच्या थरांत मुरतो. आपल्या पठाराचा बेसाल्ट खडक पाणी फारसे साठवत नाही, पण नेवासे-पैठणच्या पट्ट्यात नदीने आणलेल्या गाळाचे जाड थर आहेत, आणि तेथील विहिरी नदी वाहती असली की जिवंत राहतात. उरलेला भाग पुढे पोचतो.

याला विभागातील माझे जुने सहकारी जो आक्षेप घेतील तो मला ठाऊक आहे, कारण तो मीही घेतला असता. कमी विसर्ग दीर्घकाळ सोडला तर प्रमाणाने व्यय जास्त होतो, म्हणून पाणी एकदम आणि मोठ्या विसर्गाने सोडावे, हा आमचा पाठ केलेला नियम आहे. कालव्याच्या दृष्टीने तो बरोबरही आहे. परंतु तापलेले, भेगाळलेले कोरडे पात्र पहिल्या दोन-चार दिवसांत जेवढे पाणी पिते, तेवढे ते नंतर पीत नाही. पात्र मुळात कोरडे पडूच दिले नाही, तर नोव्हेंबरात जायकवाडीसाठी सोडलेले मोठे आवर्तन कमी घटीने पोचेल. किती कमी, हे मोजूनच सांगता येईल, आणि मोजणारी माणसे, केंद्रे व पट्ट्या आपल्याकडे आहेत. दुसरी अडचण याहून अवघड आहे. वाहत्या १०० क्युसेकवर काठचे पंप तुटून पडतील. वीज आठ महिने तोडता येणार नाही आणि तोडूही नये. यासाठी काठच्या पाणी वापर संस्थांशी आधी बसून बोलावे लागेल, किती उपसा चालेल ते ठरवावे लागेल, आणि टेलच्या, म्हणजे कालव्याच्या शेवटच्या टोकाच्या, शेतकऱ्याला जसे आवर्तनाचे वेळापत्रक कळते तसे नदीचे वेळापत्रक गावच्या चावडीवर लावावे लागेल. मला या कामाच्या कठीणपणाची पूर्ण कल्पना आहे. काही बंधाऱ्यांवर प्रत्येक फळी मोजून बसवणारे आणि एक खण नदीसाठी उघडा ठेवा म्हटले तर ठेवणारे शेतकरी मी पाहिले आहेत, म्हणून धीर धरून हे लिहितो आहे.

नदीच्या जीवसृष्टीविषयी आपल्या टिपणांत बहुधा एखादे वाक्य असते, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. दारणा नदीत देवळालीजवळ एक छोटा मासा आढळला होता. शास्त्रज्ञांनी १९३८ मध्ये त्याचे वर्णन प्रसिद्ध केले आणि देवळालीच्याच नावाने तो ओळखला जातो. हा मासा खळाळत्या, दगडगोट्यांच्या स्वच्छ पाण्यातला आहे, आणि आज जगातील अतिशय धोक्यात आलेल्या माशांत त्याची गणना होते. एखाद्या तलावात बीज सोडून त्याला वाचवता येणार नाही, त्याला वाहती नदीच लागते. पहिल्या पावसाबरोबर प्रवाहाविरुद्ध वर येणारे चढणीचे मासे, जे भोई आणि कोळी समाजाच्या वर्षाचा आधार असत, ते बंधाऱ्याच्या भिंतीला धडकून थांबतात. जाळ्यात आता तिलापी अधिक येतो, आणि तो साचलेल्या पाण्याचा मासा आहे.

नांदूर मध्यमेश्वरची कथा मला नेहमी विचारात पाडते. गोदावरी-कादवेच्या संगमावर शंभराहून अधिक वर्षांपूर्वी बांधलेला तो बंधारा गाळाने भरत गेला. साठवणुकीच्या हिशेबात ही हानीच होती. पण त्या गाळावर पाणवनस्पती वाढल्या, उथळ दलदल तयार झाली आणि हिवाळ्यात चक्रवाक, थापट्या, तलवार बदके, क्रौंच असे हजारो पाहुणे तिथे उतरू लागले. १९८६ मध्ये ते अभयारण्य झाले आणि रामसर या जागतिक महत्त्वाच्या पाणथळांच्या यादीत आलेले महाराष्ट्रातील पहिले पाणथळ म्हणून २०२० मध्ये जाहीर झाले. आमच्या वह्यांत गाळ म्हणजे तूट, आणि त्या तुटीने राज्याला जगाच्या नकाशावर नेले. नाथसागराच्या तळाशी राहणाऱ्या, कालव्यात न जाणाऱ्या ७३८ दशलक्ष घनमीटर पाण्याला आपण ‘मृतसाठा’ म्हणतो. मे महिन्यात पक्षी, मासे आणि पाणी ओसरलेल्या काठावर गाळपेर करणारी माणसे त्याच पाण्याच्या आधाराने तगतात, आणि दुष्काळात शहरेही त्यावर तरली आहेत.

खाली, राजमहेंद्रीच्या पुढे, ही नदी आपला त्रिभुज प्रदेश घडवते. धरणांत गाळ अडल्यामुळे समुद्रापर्यंत पोचणारा तिचा गाळ १९७० च्या दशकाच्या तुलनेत निम्म्याहूनही कमी झाला आहे आणि तिथला किनारा जागोजाग खचतो आहे. हा विषय या पत्राच्या कक्षेबाहेरचा आहे, पण आपण वर काय अडवतो त्याचा परिणाम कुठवर जातो, हे नोंदीत असावे.

माझी विनंती थोडक्यात अशी. येत्या १५ ऑक्टोबरला ऊर्ध्व (वरच्या) गोदावरीच्या धरणांचा जो साठा-तक्ता तयार होईल, त्यात पिण्याचे पाणी, सिंचन आणि उद्योग यांच्या शेजारी ‘नदी’ असा एक रकाना काढावा. पहिल्या वर्षी त्यात छोटा आकडा असला तरी चालेल. तो आकडा टंचाईच्या वर्षीही शून्य करायचा असेल, तर तसे करण्याचे कारण लेखी नोंदवावे. गंगापूर ते नांदूर मध्यमेश्वर आणि जायकवाडीखाली पैठण ते आपेगाव, अशा दोन टप्प्यांत एका हिवाळ्यात प्रायोगिक प्रवाह सोडावा, काठच्या निवडक विहिरींची पाणीपातळी आणि पात्रातील पाण्याचा प्राणवायू दर पंधरवड्याला मोजावा, आणि त्या नोंदी सर्वांना पाहता येतील अशा ठेवाव्यात. ‘वहनव्यय’ या रकान्याचे दोन भाग करावेत : बाष्पीभवनाने गेलेले पाणी आणि पात्रात मुरलेले पाणी. दुसऱ्या भागाला व्यय म्हणू नये.

या प्रयोगासाठी विहिरी मोजण्याचे काम माझ्या गावापुरते मी विनामूल्य करायला तयार आहे. टेप, दोरी आणि नोंदवही माझ्याकडे आहे, आणि काठापासून पाचशे मीटरच्या आतल्या अकरा विहिरींच्या मालकांनी मला होकार दिला आहे. पहिली नोंद १ ऑक्टोबरला, पाणी सोडण्यापूर्वी, घ्यावी लागेल.

आपला विश्वासू,
गंगथडीतील एक निवृत्त कालवा कर्मचारी